रहीमचाचांचे कर्ज

काही महिन्यांपूर्वी एका कथास्पर्धेचा परीक्षक म्हणून तीसेक कथा वाचण्याचा योग आला. स्पर्धा भरविणारी मंडळी आपल्याच विचारांची, आणि लेखकही बहुतांशी कार्यकर्ते. आठ कथांमध्ये मुसलमान पात्र होते. त्या आठांपैकी सहा जण दंगलीत हिंदू मुलाचा जीव वाचविताना प्राणास मुकले. सारे वृद्ध, पांढऱ्या दाढीचे, सौजन्याचे पुतळे. एकाच्याही डोक्यावर कर्ज नव्हते. घराच्या वाटणीवरून एकाचेही भावाशी वाकडे आलेले नव्हते. स्त्रियांची तऱ्हा याहून फारशी वेगळी नव्हती. पहिल्या पानापासून सोसणारी बाई शेवटच्या पानावर मोर्चाच्या अग्रभागी दिसे. मधल्या काळात तिचे काय झाले, हे लेखकालाच ठाऊक नसावे.

मी आयुष्यभर अर्थशास्त्र शिकविले. साहित्यसमीक्षेचा अधिकार मला नाही. परंतु जमाखर्च तपासण्याची खोड काही जात नाही. पात्राच्या हाती पैसा कोठून येतो, त्यावर हुकमत कोणाची चालते आणि त्यातला थोडा लपवून ठेवावा लागतो काय, हे लेखकाला माहीत नसेल, तर ते पात्र कितीही सद्गुणी असो, कागदीच राहते.

परक्याचे दुःख परक्याने लिहूच नये, असे मात्र मी म्हणणार नाही. हरिभाऊ आपटे पुरुषच होते. तरीही 1890 साली ‘करमणूक’ सुरू करून त्यांनी ‘पण लक्षात कोण घेतो’ ही कादंबरी यमूच्या तोंडून सांगितली, आणि ती खरी वाटते, कारण घरातले बारीकसारीक अपमान त्यांनी नीट पाहिले होते. विभावरी शिरूरकर, म्हणजेच मालतीबाई बेडेकर, यांनी ‘गुन्हेगार’ ठरविलेल्या जमातींच्या वसाहतीत प्रत्यक्ष काम केले. त्यानंतर 1950 साली ‘बळी’ आली. जमातींवर गुन्हेगारीचा शिक्का मारण्याची सुरुवात 1871 च्या कायद्याने झाली होती. हमीद दलवाईंची गोष्ट निराळी. ‘इंधन’ (1965) मध्ये कोकणातल्या एका गावचे मुसलमान त्यांनी आतून दाखविले. तेथे जमीन आहे, वासना आहे, जुनी वैरे आहेत आणि कोणीही निष्कलंक नाही. दलवाई सुधारक होते, 1970 साली त्यांनी मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापिले. पण कादंबरीत त्यांनी कोणाला प्रशस्तिपत्र दिले नाही.

आपण मात्र प्रशस्तिपत्रे वाटतो. हा आपला दोष सद्‌भावनेतून आला आहे, म्हणूनच तो लवकर दिसत नाही. जो माणूस चांगला असल्याखेरीज आपल्या सहानुभूतीस पात्र ठरत नाही, त्याला आपण समान नागरिक मानलेलेच नसते. आपल्या कथेतल्या हिंदू कारकुनाला लाच खाण्याची मुभा आहे. रहीमचाचांना साधे खोटेही बोलता येत नाही!

ग्रामीण कथेतल्या बहीण-भावाच्या प्रेमाचेच पाहा. ओवाळणी येते, माहेरची साडी येते, डोळ्यांत पाणी येते. पण बाप वारल्यावर तलाठ्याकडे नोंद लागते वेळी बहिणीने हक्कसोड पत्रावर सही केली की नाही? ती करताना तिच्या मनात माहेर तुटण्याचे भय होते की रागही होता? हजारो घरांत घडणारा हा प्रसंग आपल्या कथेत क्वचितच येतो. प्रेमही खरे आणि सातबाराही खरा, हे एकाच बाईत दाखविणे कठीण असते खरे.

आता माझ्याच हातून घडलेली गोष्ट सांगतो. त्या तीस कथांत यंत्रमागाच्या गावातल्या एका मुसलमान विद्यार्थिनीची कथा होती. आई घरोघरच्या मागांसाठी कांड्या भरते आणि मजुरीतले थोडे पैसे नवऱ्यापासून तांदळाच्या डब्यात लपविते. ती शेजारणीशी भांडते, सुनेला टोचून बोलते. दंगलीची बातमी येते तेव्हा तिला पहिली काळजी पडते ती माग बंद राहतील याची. तिचे पैसे अखेरीस मुलीच्या फीसाठी निघतात, पण पूर्ण नव्हे. काही ती मागे ठेवते, कशासाठी ते सांगत नाही.

या कथेला मी शंभरपैकी चाळीस गुण दिले. शेऱ्यात लिहिले, ‘नायिका सहानुभूती मिळवत नाही.’ पहिले बक्षीस सहांपैकी एका रहीमचाचांना गेले. त्या निर्णयावर माझीही सही आहे. पुढे एका रात्री तो तांदळाचा डबा आठवला आणि झोप लागली नाही. बक्षीस मिळालेल्या कथेतले मला आज काहीच आठवत नाही. मुलीचा पत्ता स्पर्धेच्या चालकांकडून मागवून घेतला आहे. पत्र लिहायला बसतो, आणि तिला काय म्हणून संबोधावे येथेच अडतो.