नक्कल करणाऱ्या हातांचे मोल

अँटॉप हिलच्या परिसरातील गॅरेजांत पत्रा ठोकण्याचा आवाज दिवसभर चालू असतो. चेपलेले दार सरळ करणारा, गंजलेला भाग कापून नवा जोडणारा, रंगाशी रंग जुळविणारा हा कारागीर बहुधा शाळा अर्धवट सोडून आलेला असतो. परंतु नमुना समोर ठेवला, तर चित्रपटातील गाजलेल्या मोटारीची हुबेहूब प्रतिकृती उभी करण्याचे कसब याच जातीचे असते. दुर्दैव असे की, हे कसब रस्त्यावर उतरले की कायद्याच्या लेखी तो अपराध ठरतो.

सांगली जिल्ह्यातील देवराष्ट्रे येथील एका कारागिराने भंगारातून छोटी जीप बनविली. २०२१ च्या अखेरीस तिचा देशभर गाजावाजा झाला. एका उद्योगपतींनी तिच्या बदल्यात त्यांना नवी गाडी दिली. कौतुक योग्यच होते. पण ती जीप नियमांत बसत नाही, हेही त्याच वेळी सांगितले गेले. मोटार वाहन कायदा, १९८८ मधील कलम ५२ गाडीच्या मूळ रचनेत फेरफार करण्यास मनाई करते. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तसाच निर्वाळा दिला.

या बंधनामागील हेतूविषयी वाद नाही. सदोष ब्रेकची किंमत पादचारी मोजतो. तथापि येथे अर्थशास्त्रातील एक साधे तत्त्व विचारात घ्यावयास हवे. नव्या वाहनाच्या चाचणीचा व मान्यतेचा खर्च लाखभर गाड्यांवर विभागला, तर तो नगण्य होतो. तोच एका गाडीवर पडला, तर गाडीच्या किमतीलाही मागे टाकतो. नियम सर्वांना सारखा असला, तरी त्याचा भार सारखा नाही.

अमेरिकेने २०१५ साली यावर तोडगा काढला. निदान पंचवीस वर्षांपूर्वीच्या गाड्यांच्या प्रतिकृती वर्षाला ३२५ पर्यंत बनविणाऱ्या लहान उत्पादकांना तेथे काही सुरक्षा-निकषांतून सूट मिळाली. धुराचे निर्बंध मात्र कायम राहिले. त्याच वर्षी तेथील अपील न्यायालयाने बॅटमॅनची मोटार ही स्वतंत्र कलाकृती मानून तिच्या विनापरवाना प्रतिकृती बेकायदा ठरविल्या. सवलत आणि शिस्त या दोन्ही गोष्टी एकत्र नांदू शकतात, हाच याचा अर्थ.

आपल्याकडेही चित्रीकरण, प्रदर्शन व मर्यादित वापर यांसाठी लहान उत्पादकांचा वेगळा वर्ग करावा. ब्रेक, स्टिअरिंग आणि धूर यांची तपासणी कसून व्हावी. शुल्क मात्र गॅरेजवाल्याला परवडेल असे असावे. मूळ रचनाकाराची परवानगी बंधनकारक असावी.

कौशल्य-विकासाच्या घोषणा आपण वर्षानुवर्षे ऐकत आहोत. जे कौशल्य सरकारी खर्चाविना आपोआप वाढले आहे, त्याला निदान उजेडात काम करण्याची मुभा द्यावी. अन्यथा ते शटर ओढून चालूच राहील आणि मग त्याचे ब्रेक तपासणारा कोणीही नसेल.