डॉ. शिरोडकरांचा टाका आणि आपल्या सुना

पाचव्या महिन्यात गर्भ पडतो, तोही एकदा नव्हे, दोन-तीनदा. अशी सून घरात असली की आपल्याकडे पहिला दोष तिच्यावरच येतो. कुणी नजर लागली म्हणतो, कुणी अंगारा आणतो, कुणी ‘कापूस वेचायला कशाला गेली’ म्हणून बोल लावतो. मुलाचे दुसरे लग्न करण्याची भाषाही मी दवाखान्यात ऐकली आहे. अशा घरांना मी डॉ. विठ्ठल नागेश शिरोडकर हे नाव आवर्जून सांगतो.

डॉ. शिरोडकरांचा जन्म १८९९ सालचा, गोव्यातील शिरोडे गावचा. मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजातून ते १९२३ साली एम.बी.बी.एस. व १९२७ साली एम.डी. झाले. १९३१ साली त्यांनी इंग्लंडची एफ.आर.सी.एस. मिळवली आणि पुढे ग्रँट मेडिकल कॉलेजातच प्राध्यापकी केली.

गर्भाशय म्हणजे पिशवी आणि तिचे तोंड म्हणजे नाडी, असे समजा. काही स्त्रियांत ही नाडी सैल असते. चौथ्या ते सहाव्या महिन्यात, फारशा कळा न येताच तोंड उघडते आणि चांगला वाढणारा गर्भ बाहेर पडतो. पूर्वी अशा स्त्रीला विश्रांती व औषधे देत. गुण येत नसे. डॉ. शिरोडकरांनी गर्भ पोटात असतानाच या तोंडाभोवती टाका घातला. त्यासाठी त्या स्त्रीच्याच मांडीतील चिवट पडद्याची पट्टी वापरली. १९५५ साली त्यांनी ही पद्धत प्रसिद्ध केली. १९५७ साली मेलबर्नच्या डॉ. मॅकडोनाल्ड यांनी अधिक सोपी रीत सांगितली, आणि आज बरेच डॉक्टर तीच वापरतात. तरीही ‘शिरोडकर टाका’ जगभरच्या डॉक्टरांना ठाऊक आहे. त्यांना १९६० साली पद्मभूषण व १९७१ साली पद्मविभूषण मिळाले. १९७१ सालीच ते निवर्तले.

मात्र हा टाका प्रत्येक गर्भपातावरचा उपाय नव्हे. पहिल्या तीन महिन्यांत पडणारे गर्भ बहुधा गर्भातच गुणसूत्रांचा दोष असल्याने पडतात. तेथे टाक्याचा उपयोग नाही. म्हणून ‘शेजारणीला घातला, आमच्या सुनेलाही घाला’ असा हट्ट नको.

खरी अडचण वेळेची आहे. टाका साधारण बाराव्या ते चौदाव्या आठवड्यात घालतात आणि छत्तिसाव्या-सदतिसाव्या आठवड्यात काढतात. आमच्याकडे झरी-जामणी, मारेगावकडची बाई येते ती पाचव्या महिन्यात, पाणी फुटल्यावर. तेव्हा टाका घालता येत नाही.

तेव्हा वाचकहो, पाचव्या-सहाव्या महिन्यात गर्भ गेला असेल, तर जुने कागद जपून ठेवा. कोणता महिना होता, कळा आल्या होत्या का, हे डॉक्टरांना सांगा. गर्भाशयाच्या तोंडाची लांबी सोनोग्राफीत मोजता येते. यवतमाळच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात स्त्रीरोग विभाग आहे, तेथे दाखवा.

पुन्हा दिवस राहिले की तिसरा महिना संपण्याआधी सुनेला दवाखान्यात आणा. सोबत सासूबाईंनी स्वतः यावे, असा माझा आग्रह आहे. दोष कुणाचा नाही, हे त्यांनी डॉक्टरांच्या तोंडून ऐकलेले बरे.