इतिहासाचे मास्तर





दरवर्षी 5 सप्टेंबरच्या सुमारास शिक्षक पुरस्कारांच्या याद्या जाहीर होतात. राष्ट्रीय पुरस्कार 1958 पासून दिले जातात. राज्याचा पुरस्कार आज सावित्रीबाई फुले यांच्या नावाने दिला जातो. आपल्या जिल्ह्यातल्या एखाद्या हायस्कूलच्या सरांचे नाव यादीत आले की चौकात फलक लागतो, शाल-श्रीफळ होते. हा गौरव झालाच पाहिजे. मात्र पुरस्काराच्या प्रस्तावाला निकालाची टक्केवारी, उपक्रमांचे फोटो आणि प्रमाणपत्रे जोडता येतात. एखाद्या विद्यार्थ्याला ऐकलेल्या गोष्टीचा पुरावा मागायची सवय लागली, तर ते कोणत्या रकान्यात लिहायचे? इतिहासाच्या शिक्षकाचे खरे काम तर तेच आहे. म्हणून यंदाच्या दिवाळी अंकाचे हे पहिले पान आम्ही त्याला देत आहोत.

या कामाची थोरवी सांगायला वासुदेवशास्त्री खरे यांचे उदाहरण आधी आठवते. 1858 साली गुहागरला जन्मलेले खरेशास्त्री मिरजेच्या हायस्कुलात संस्कृत शिकवत. मिरज हे पटवर्धन सरदारांचे ठाणे. त्यांच्या दप्तरात मोहिमांवरून घरी आलेली, पुण्याच्या दरबारातली हालहवाल कळवणारी पत्रे रुमालांत बांधून पडली होती. शास्त्रीबुवांनी शाळा सांभाळून ती मोडी पत्रे वाचली, निवडली, तारखांच्या क्रमाने लावली, त्यांना प्रस्तावना लिहिल्या. 1897 पासून 'ऐतिहासिक लेखसंग्रह' प्रसिद्ध होऊ लागला आणि 1924 साली ते गेले तोवर त्याचे बारा खंड झाले होते. पुढचे खंड त्यांच्या मुलाने काढले. पानिपतानंतरच्या मराठी राज्याचा अभ्यास करायचा तर आजही या खंडांपाशी यावेच लागते. पगारी संशोधक म्हणून त्यांची कुठे नेमणूक नव्हती. ते एका गावातल्या शाळेचे मास्तर होते आणि गावातले कागद त्यांनी आपले मानले होते.

दुसरे उदाहरण रियासतकार गोविंद सखाराम सरदेसाई यांचे. बडोद्याला सयाजीराव महाराजांच्या पदरी असताना राजपुत्रांना शिकवण्याचे काम त्यांच्याकडे आले. शिकवण्यासाठी काढलेल्या टिपणांतून 'रियासत' ही इतिहासग्रंथमाला उभी राहिली. निवृत्तीनंतर त्यांनी पेशवे दप्तरातून निवडलेल्या कागदांचे 45 खंड संपादित केले. 1957 साली त्यांना पद्मभूषण मिळाले तेव्हा त्यांनी नव्वदी ओलांडली होती. एकाचे विद्यार्थी राजवाड्यातले, दुसऱ्याचे साध्या बाकांवरचे. पण मराठ्यांच्या इतिहासाची ही दोन मोठी कामे शिकवणाऱ्या माणसांच्या हातून झाली. शिकवणाऱ्याला रोज प्रश्नांना सामोरे जावे लागते आणि उत्तर शोधायला मूळ कागदापर्यंत जाणे भाग पडते.

आता आपल्या बुलढाणा जिल्ह्याकडे पाहू. इतिहासाच्या शिक्षकाला इथे साधनांची वाण नाही. सिंदखेडराजा हे जिजाऊंचे जन्मस्थान म्हणून सगळ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. तिथल्या लखुजीराजे जाधवांच्या समाधीजवळ 2024 साली पुरातत्त्व खात्याला शेषशायी विष्णूची मोठी मूर्ती सापडली. त्याच तालुक्यातल्या साखरखेर्ड्याला 1724 साली निजाम-उल-मुल्कने मुबारिजखानाचा पराभव केला आणि दख्खनमध्ये निजामाची सत्ता स्वतंत्रपणे उभी राहिली. वऱ्हाड पुढे सव्वाशे वर्षे निजामाकडे होते आणि 1853 साली इंग्रजांच्या ताब्यात गेले, याचा पहिला धागा आपल्याच शिवारात सापडतो. संग्रामपूर तालुक्यातल्या भोनला डेक्कन कॉलेजने केलेल्या उत्खननात प्राचीन बौद्ध स्तूप उजेडात आला. जिगाव प्रकल्पाच्या पाण्याचे सावट आज त्या जागेवर आहे. लोणारला तर उल्काघाताने झालेले विवर आणि दैत्यसूदनाचे मंदिर एकाच फेरीत पाहता येते.

शिवाय बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे आहेत. 1882 साली त्यांनी 'स्त्रीपुरुष तुलना' लिहून स्त्रियांना दोष देणाऱ्या समाजाला सडेतोड जाब विचारला. ते पुस्तक पुढे जवळजवळ विस्मरणात गेले. 1975 साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा प्रसिद्ध केले, तेव्हा महाराष्ट्राला त्याची ओळख नव्याने पटली. बुलढाण्याचेच वकील यादव माधव काळे यांनी 'वऱ्हाडचा इतिहास' लिहिला, तोही आपला व्यवसाय सांभाळून. घरातली माणसे आपल्याच घरात अनोळखी होऊ द्यायची नसतील, तर त्यांची नावे वर्गात उच्चारली गेली पाहिजेत.

दहावीला इतिहास आणि राज्यशास्त्र मिळून 40 गुणांचा पेपर असतो. तेवढ्या गुणांसाठी सनावळ्या पाठ होतात आणि परीक्षा संपली की विसरल्या जातात. मन लावून शिकवणारे शिक्षक त्या चाकोरीतूनही वाट काढतात. मुलांना घेऊन गावातल्या बारवेपाशी जातात, शिलालेखावरची अक्षरे वाचायला लावतात, आजीच्या तोंडून दुष्काळाची हकीकत लिहून घ्यायला सांगतात. कुणी विचारले की अमुक लढाई खरेच अशी झाली का, तर त्याला गप्प बसवत नाहीत. कोणी लिहिले, कधी लिहिले, त्याला काय ठाऊक होते, हे तपासायला शिकवतात. मोबाइलवर रोज खोट्या इतिहासाचे निरोप फिरत असताना आणि त्यांवरून माणसे एकमेकांवर उठत असताना, ही सवय लावणारा शिक्षक समाजाचे फार मोठे रक्षण करतो. त्याची बदली, त्याच्यावर लादलेली शाळाबाह्य कामे, वाचनालयासाठी न मिळणारा पैसा, यांविषयी आपण सत्कारसमारंभातल्याइतकेच मोठ्याने बोलले पाहिजे.

म्हणूनच या अंकासाठी आम्ही जिल्ह्यातल्या शिक्षकांना लिहिते होण्याचा आग्रह केला. त्यांनी तो मानला.  

वाचकांकडे एकच मागणे आहे. दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरून, लाकडी पेटीतून जुने कागद निघतात: मोडीतली खते, पावत्या, पत्रे, पणजोबांच्या वह्या, गावच्या जत्रेचे फोटो. ते रद्दीत देऊ नका, जाळू नका. आपल्या गावच्या हायस्कुलात जा, इतिहासाच्या सरांना, बाईंना ते दाखवा, मुलांना त्यांच्या नकला करू द्या आणि मूळ कागद जपून घरी परत आणा. शिक्षकांनीही शाळेत अशा कागदांची एक नोंदवही ठेवावी. मिरजेच्या एका मास्तरांना दप्तर पाहायला मिळाले म्हणून महाराष्ट्राला त्याचा इतिहास मिळाला. आपल्या मास्तरांना आपली पेटी उघडून दाखवा.