तैनाती फौजेचा ‘सत्पुरुष’

शिरूरला घोडनदीच्या आसऱ्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेची छावणी होती. तिचा सेनापती कर्नल विल्यम वॉलेस ११ मे १८०९ रोजी तेथेच मेला, तेथेच पुरला गेला. पुणे जिल्ह्याचे १८८५चे सरकारी गॅझेटिअर सांगते की, पंचक्रोशीतले लोक या गोऱ्याला ‘सत्पुरुष’ म्हणून पूजत आणि सुगीचे पहिले धान्य नैवेद्य म्हणून त्याच्या थडग्याला वाहत. आज शिरूर-दौंडचे काही इतिहासप्रेमी ही कथा मिटक्या मारीत सांगतात. म्हणून या सत्पुरुषाची कारकीर्द तपासणे आम्हाला भाग आहे.

ऑक्टोबर १८०२मध्ये हडपसरला होळकरांपुढे धूळधाण होताच पळत सुटलेल्या पेशव्या दुसऱ्या बाजीरावाने ३१ डिसेंबरला वसईत इंग्रजांशी तह केला, किमान ६ हजार परकी पायदळ कायमचे पदरी घेतले आणि त्याच्या खर्चासाठी २६ लाखांचा मुलूख तोडून दिला. वॉलेस पुढे याच तैनाती फौजेचा सेनापती झाला. १८०३मध्ये असईला त्याने इंग्रज सेनापती वेल्स्लीच्या हाताखाली शिंदे-भोसल्यांविरुद्ध ब्रिगेड लढवली. १८०४मध्ये होळकरांचे चांदवड घेतले. पेशव्याच्या रक्षणाला आलेली तलवार चालली ती मराठ्यांच्याच मानेवर!

हा कावा नवा नव्हता. येरूशलेम सोडवायला निघालेल्या क्रूसवीरांना कॉन्स्टँटिनोपलच्या एका राजपुत्राने गादीच्या लोभाने दारात बोलावले, भरमसाट पैसा कबूल केला. पैसा फिटेना, तेव्हा १२०४मध्ये त्या वीरांनी ती ख्रिस्ती राजधानीच लुटून फस्त केली. क्रूसवीरांच्या मुखी धर्म होता, कंपनीच्या मुखी दोस्ती. डोळा दोघांचाही तिजोरीवर. बाजीरावाला १३ मे १८०३ रोजी गादीवर बसवणाऱ्यांनीच १८१८मध्ये गादीसकट त्याला उचलून बाहेर फेकले.

वॉलेस सज्जन होता, सचोटीचा होता, असे त्याचे भाट सांगतात. असेल! पण दरोड्याच्या टोळीचा नायक दारू पीत नाही, शिवी देत नाही, लुटीचा हिशेब चोख ठेवतो, एवढ्यावरून घरधन्याने त्याची आरती ओवाळावी काय? उलट असा सज्जनच अधिक घातक, कारण त्याच्या सभ्यतेच्या आड त्याच्या धन्याचे पाप सुखाने झोपते. त्या काळच्या शेतकऱ्याला आम्ही बोल लावत नाही. बंदूकवाल्याला, जिवंत असो वा मेलेला, काहीतरी देऊन शांत ठेवावे, हे रयतेने पिढ्यान्‌पिढ्या सोसून शिकलेले शहाणपण आहे. आमचा राग त्या भल्या शिकल्यासवरल्यांवर आहे, जे या भयाला भक्ती म्हणतात आणि वसईचा तह मात्र सोयीस्कर विसरतात.

थडगे जपा, ते इतिहासाचा पुरावा आहे. पण ज्या फौजेने राज्याचा मुलूख खाल्ला, तिच्या सेनापतीने मेल्यावर रयतेचे पहिले धान्यही खाल्ले, हेही तेथे येणाऱ्या प्रत्येकाला सांगा. सत्पुरुष देतो. हा घेणारा होता!