शेजारच्या बिऱ्हाडातला नट

माणसाने आयुष्याकडून किती थोडे मागावे? अंतेक ग्रालाक नावाचा एक तरुण तुरुंगातून सुटतो आणि आपल्या मागण्यांची यादी मनाशी करतो. हाताला काम, एक बायको, डोक्यावर छप्पर, घरात एक टीव्ही आणि शांतता. यादी संपली! आपल्या ओळखीतल्या कोणाही सरळमार्गी माणसाची यादी याहून फारशी लांब नसेल. परंतु अंतेकला यातले शेवटचे कलम काही केल्या मिळत नाही. बांधकामावर त्याला काम मिळते, साहेबाची मर्जी बसते. मग साहित्य चोरीला जाऊ लागते, नुकसान मजुरांच्या पगारातून कापले जाते आणि मजूर संपाची भाषा बोलू लागतात. साहेबाला वाटते, याने आपल्या बाजूने राहावे. मजुरांना वाटते, याने आपल्या बाजूने राहावे. बिचाऱ्याला दोन्हीकडच्या माणसांशी बरे राहायचे असते. अखेर सोबतीच त्याला फितूर समजून बदडून काढतात, आणि जमिनीवर पडलेला अंतेक एकच शब्द पुटपुटत राहतो, "शांतता… शांतता…"

'शांतता' हेच त्या चित्रपटाचे नाव. पोलंडच्या दूरचित्रवाणीसाठी तो १९७६ साली तयार झाला. दिग्दर्शक होता क्शिश्टोफ किश्लोव्स्की, आणि अंतेकची भूमिका करणारा नट होता येझी श्टूर. त्यात संपाचे चित्रण होते. आणि कामगारांच्या नावाने चाललेल्या राज्यात कामगारांनी संप करावा हे सरकारला पडद्यावरसुद्धा सोसवणारे नव्हते. चित्रपट कपाटात गेला. १९८० साली देशात खरोखरीचे संप झाले, 'सॉलिडॅरिटी' ही कामगार संघटना उभी राहिली, तेव्हा कुठे तो लोकांना पाहायला मिळाला.

आज या सदरात या येझी श्टूरची ओळख करून द्यायची आहे. श्टूरचा जन्म १८ एप्रिल १९४७ रोजी क्राकूव शहरात झाला. अभिनयाकडे वळण्यापूर्वी त्याने क्राकूवच्या याग्येलोनियन विद्यापीठात पोलिश भाषा आणि वाङ्मयाचा अभ्यास पुरा केला. आमच्यासारख्या भाषेच्या प्राध्यापकांना उगीचच अभिमान वाटावा अशी ही गोष्ट! त्यानंतर तो नाट्यविद्यालयात शिकला, १९७२ मध्ये तेथून बाहेर पडला आणि क्राकूवच्या 'स्तारी' म्हणजे जुन्या नाट्यगृहात दाखल झाला. त्याच सुमारास दूरचित्रवाणीवर गाण्यांच्या एका विनोदी कार्यक्रमाचे सूत्रसंचालन करताना लोक त्याला पाहू लागले.

चेहरा म्हणाल तर चारचौघांसारखा. नायकाला लागते तसे रुबाबदार नाक नाही, उंची नाही, नजरेत जरब नाही. बसच्या रांगेत तो तुमच्यापुढे उभा असता तर तुम्ही दुसऱ्यांदा वळून पाहिले नसते. असा नट एरवी नायकाचा मित्र, कचेरीतला कारकून किंवा लग्नातला विनोदी काका होऊन आयुष्य काढतो. त्यालाच आपण चरित्रनट म्हणतो, आणि म्हणताना आवाज किंचित खाली आणतो. श्टूरचे वेगळेपण असे की त्याने हा काका, हा कारकून कथेच्या मध्यभागी आणून बसवला.

१९७८ मध्ये पडद्यावर आलेला फेलिक्स फाल्कचा 'वोजिरेय' पाहा. वोजिरेय म्हणजे समारंभात पाहुण्यांना हसवणारा, नाचवणारा, कार्यक्रम रंगवणारा माणूस. लुतेक दानेलाक हा असाच एक गावोगावचा रंगवय्या. शहरात एक भव्य समारंभ व्हायचा असतो आणि त्याचे सूत्रसंचालन आपल्यालाच मिळावे असा ध्यास तो घेतो. मग एकेक प्रतिस्पर्धी दूर करायचा. कोणाचे गुपित फोडायचे, कोणाची खुशामत करायची, शेवटी जिवलग मित्रालाही विकायचे. श्टूरने हा माणूस खलनायकासारखा रंगवला नाही. तो घाम पुसतो, हसतो, धावत सुटतो. आणि आपणही मनात म्हणतो, 'मिळू दे याला एकदाचे!' आपण कोणाच्या बाजूने बोललो हे मागाहून लक्षात येते, तेव्हा जरा ओशाळल्यासारखे होते. लबाड माणसाचे सोंग पुष्कळांना येते. त्या लबाडीत प्रेक्षकाला भागीदार करून घेणे थोड्यांनाच साधते.

पुढच्याच वर्षी किश्लोव्स्कीचा 'हौशी' आला. कारखान्याच्या खरेदी खात्यातला फिलिप मोश आपल्या तान्ह्या मुलीची चित्रे घ्यावीत म्हणून एक छोटा चित्रपट-कॅमेरा विकत घेतो. किती निष्पाप हौस! पण कारखान्याचे साहेब त्याला समारंभाचे चित्रण करायला सांगतात, स्पर्धेत बक्षीस मिळते आणि हौसेची तहान होते. खरे तेच दाखवायचे, असे तो ठरवतो. त्या खरेपणापायी कारखान्यातल्या एका भल्या माणसाची नोकरी जाते. बायको आधीच मुलीला घेऊन निघून गेलेली असते. रिकाम्या घरात फिलिप कॅमेरा उलटा करतो, स्वतःच्या तोंडावर रोखतो आणि मुलगी जन्मली त्या रात्रीची हकीकत सांगू लागतो. चित्रपट तेथे संपतो. १९७९ च्या मॉस्को महोत्सवात त्याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. आज घरोघरी, हातोहाती कॅमेरा आहे आणि जो तो दुसऱ्यावर रोखलेला आहे. फिलिपची गोष्ट आता आपल्या अधिकच जवळ आली आहे.

श्टूर एवढा गंभीर नट होता असे ऐकून मात्र सामान्य पोलिश प्रेक्षक हसेल. त्याच्या लेखी श्टूर म्हणजे १९८४ चा 'सेक्समिस्या', म्हणजे दीर्घ निद्रेतून २०४४ साली जागे झालेले दोन पुरुष आणि भोवती निव्वळ स्त्रियांचे राज्य अशी धमाल कथा. आणि त्याच्या नातवंडांच्या लेखी श्टूर म्हणजे 'श्रेक' या कार्टूनपटातल्या बडबड्या गाढवाचा पोलिश आवाज! वायदासारख्या थोर दिग्दर्शकाच्या हाताखाली हॅम्लेट साकारलेल्या नटाला मुलांनी गाढव म्हणून ओळखावे, यात त्याला कमीपणा वाटला नाही. १९८५ मध्ये त्याने 'कॉन्ट्राबास' हे एकपात्री नाटक स्वतः बसवले आणि वर्षानुवर्षे केले. वाद्यवृंदात मागच्या बाजूला माणसाएवढे वाद्य घेऊन उभा राहणारा, कोणाचे लक्ष नसलेला एक वादक रात्रभर आपले मन मोकळे करतो, एवढेच ते नाटक. म्हणजे पुन्हा मागच्या रांगेतलाच माणूस.

दिग्दर्शक म्हणून त्याने पहिला चित्रपट १९९४ मध्ये केला, तेव्हा वय होते सत्तेचाळीस. पण त्याची खरी ओळख पटते ती १९९७ च्या 'प्रेमकथा' या चित्रपटात. त्यात त्याने स्वतःला चार भूमिका दिल्या: विद्यापीठातला अध्यापक, धर्मगुरू, सैन्यातला अधिकारी आणि तुरुंगात पडलेला गुन्हेगार. चौघांच्या दारात एकेक दिवस प्रेम येऊन उभे राहते. विद्यार्थिनीने आपले मन उघड केल्यावर अध्यापक काय करतो? कधी काळी झालेली मुलगी समोर येऊन उभी राहिल्यावर धर्मगुरू काय करतो? चौघांपैकी बहुतेक जण आपली खुर्ची सांभाळतात. खुर्ची सोडून लेकीचा हात धरतो तो धर्मगुरू. चारी चेहरे एकाच नटाचे असल्यामुळे 'असे वागणारी माणसे निराळी असतात' ही आपली नेहमीची पळवाट बंद होते.

हा चित्रपट त्याने किश्लोव्स्कीच्या स्मृतीला वाहिला होता. किश्लोव्स्की मार्च १९९६ मध्ये वारला. त्याने १९७३ साली लिहिलेली एक पटकथा तशीच पडून होती. मित्राचे ते राहिलेले काम श्टूरने २००० साली 'मोठे जनावर' या नावाने पुरे केले. एका लहान गावात सर्कस येऊन जाते आणि मागे एक उंट राहतो. बँकेतला एक मध्यमवयीन कारकून आणि त्याची बायको त्या उंटाला घरी ठेवून घेतात. आधी गावाला गंमत वाटते, मग कुजबुज सुरू होते. उंटाचा उपयोग काय? याने तो कशासाठी पाळला? आमच्याकडे नाही तो याच्याकडे का? उंटाने कोणाचे काही बिघडवलेले नसते, तरी हळूहळू सारे गाव त्या दोघांच्या विरुद्ध जाते. कारकुनाची भूमिका अर्थात श्टूरचीच. अंतेकला शांतता मिळाली नाही आणि या कारकुनाला उंट ठेवू दिला नाही. दोघांचाही गुन्हा एकच, आपल्या मनासारखे थोडेसे जगायला निघाले!

क्राकूवच्या नाट्यविद्यालयाचा तो दोनदा प्रमुख होता, १९९० ते १९९६ आणि पुन्हा २००२ ते २००८. नटाचे सारे भांडवल त्याचा आवाज असतो, हे तेथे त्याने किती विद्यार्थ्यांना सांगितले असेल! २०११ मध्ये त्यालाच स्वरयंत्राचा कर्करोग झाला. आजारपणात त्याने दैनंदिनी लिहिली, ती पुढच्या वर्षी पुस्तकरूपाने आली. फिलिप मोशने कॅमेरा स्वतःवर रोखला होता. येथे लेखणी रोखली गेली. तो बरा झाला, परतला आणि २०१४ मध्ये 'नागरिक' हा चित्रपट त्याने लिहून दिग्दर्शित केला. त्यात एकाच माणसाचे उतारवय त्याने रंगवले आणि तारुण्य रंगवले त्याचा मुलगा माचेय याने.

एक गोष्ट झाकून ठेवणे त्याच्याच कलेला शोभणार नाही. ऑक्टोबर २०२२ मध्ये मद्य घेतलेले असताना तो मोटार चालवत होता आणि एका मोटारसायकलस्वाराला त्याची धडक बसली. न्यायालयाने त्याला दोषी धरले, दंड केला, गाडी चालवण्यास मनाई केली. त्याने आपल्या त्या दिवशीच्या निर्णयाबद्दल जाहीर खेद व्यक्त केला. साऱ्या देशाने आपला मानलेल्या माणसाविषयी हे वाचणे लोकांना जड गेले. परंतु पडद्यावर त्याने कधी देवमाणूस उभा केला नव्हता. मोहाच्या क्षणी घसरणारा आणि मग त्याची किंमत मोजणारा माणूस तो आयुष्यभर दाखवत आला होता. आयुष्याच्या अखेरच्या पर्वात तो पुन्हा रंगमंचावर उभा राहिला, नाट्याचार्य स्टानिस्लाव्स्कीच्या भूमिकेत. ९ जुलै २०२४ रोजी, वयाच्या सत्याहत्तराव्या वर्षी, तो गेला.

वाचकहो, श्टूरची एकच गोष्ट पाहायची असेल तर किश्लोव्स्कीच्या 'डेकालॉग' या दूरचित्रवाणी मालिकेचा दहावा भाग पाहा. तासाभराचाच आहे. 'शेजाऱ्याच्या वस्तूचा लोभ धरू नको' ही आज्ञा त्याच्या मुळाशी आहे. वडील वारतात आणि दोन भावांच्या वाट्याला पोस्टाच्या तिकिटांचा संग्रह येतो. थोरला संसारी, त्याचे काम श्टूरचे. धाकटा गाणी म्हणत हिंडणारा, ते काम झमाखोव्स्कीचे. तिकिटांची किंमत कळताच खिडक्यांना गज लागतात, दाराशी कुत्रा येतो, आणि एका दुर्मिळ गुलाबी तिकिटासाठी थोरला भाऊ आपले एक मूत्रपिंड द्यायला तयार होतो! तो इस्पितळात असताना घरी काय घडते, भाऊ भावाविषयी कोणाकडे काय बोलतो, आणि शेवटी दोघे टेबलावर आपापली तिकिटे काढून ठेवतात तेव्हा काय होते, ते मी सांगत नाही. दिवाळीच्या सुट्टीत भाऊ-बहिणी एकत्र जमल्या असतील. वडिलोपार्जित घराचा किंवा दागिन्यांचा विषय निघण्याच्या आधी सगळ्यांनी मिळून हा भाग पाहून घ्यावा, एवढेच सुचवतो.