निविदेचा न्याय वेळेवर हवा

सरकारी तिजोरीतून बाहेर पडणारा पैसा कोणा मंत्र्याचा अथवा खातेप्रमुखाचा नसून काडेपेटी विकत घेतानाही कर भरणाऱ्या रयतेचा असतो, आणि म्हणूनच त्या पैशाने करावयाच्या खरेदीचा मक्ता कोणास द्यावा हा प्रश्न मक्तेदारांच्या आपसांतील चढाओढीपुरता मर्यादित राहत नाही. लिफाफे उघडल्यावर डावलल्या गेलेल्या मक्तेदाराने उच्च न्यायालयात धाव घेतली, की धंद्यातले भांडण म्हणून त्याकडे पाहण्याची आपणांस सवय जडली आहे. ती मोडली पाहिजे. कारण अशा भांडणाचा निकाल लागेपर्यंत ज्याचे खरे नुकसान होते, तो त्या दाव्यात पक्षकारच नसतो.

महाराष्ट्रातील अंगणवाड्यांच्या पोषण आहाराचे प्रकरण याची साक्ष देईल. या कामात मक्तेदार नकोत, ते शक्यतो गावोगावची महिला मंडळे व बचतगट यांच्याकडून करून घ्यावे, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने 2004 साली दिला होता. असे असता 8 मार्च 2016 च्या निविदेत राज्य सरकारने अटी अशा घातल्या, की मोठ्या उद्योजकांस वाट मोकळी व्हावी आणि लहान बचतगट उंबरठ्याबाहेरच राहावेत. बचतगटांनी दाद मागितली. अखेर 26 फेब्रुवारी 2019 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सुमारे 6,300 कोटी रुपयांचे मक्ते रद्द ठरवून चार आठवड्यांत नव्याने निविदा काढण्याचा हुकूम केला. न्याय झाला, परंतु मध्ये जवळजवळ तीन वर्षे लोटली. घरी नेण्याचा हा आहार सहा महिने ते तीन वर्षे वयाच्या बालकांसाठी असतो. निविदा निघाली त्या दिवशी आईच्या कडेवर बसून पाकीट घेण्यास आलेले सहा महिन्यांचे मूल निकालाच्या दिवशी सेविकेच्या त्या यादीतून केव्हाच बाद झाले होते.

याचा दोष न्यायालयांच्या माथी मारणे अनुचित होय. मुंबईच्या सांताक्रूझ विमानतळावरील उपाहारगृहाच्या मक्त्याबाबत 1979 साली दिलेल्या रमणा शेट्टी निकालात सर्वोच्च न्यायालयाने निःसंदिग्धपणे सांगितले, की सरकारी संस्थेने स्वतः जाहीर केलेली अट तिच्यावरही बंधनकारक आहे. अट होती दुसऱ्या श्रेणीच्या नोंदणीकृत हॉटेलचालकाची. मक्ता मिळाला तशी नोंदणी नसलेल्यास. तरीही तो मक्ता कायम राहिला, कारण अर्जदार पाच महिन्यांहून अधिक उशिराने आला आणि तोवर मक्तेदार पदरचे पैसे घालून बसला होता. पुढे 1994 च्या टाटा सेल्युलर निकालाने न्यायालय निर्णयाची प्रक्रिया तपासील, निर्णय स्वतः घेणार नाही, ही मर्यादा आखली. आणि 2006 च्या जगदीश मंडल निकालाने लोकहितास बाध येत नसेल तर हस्तक्षेप करू नये, असे बजावले. हा संयम योग्यच आहे. परंतु न्यायालयाने हात आखडता घ्यावयाचा आणि त्याअगोदर तक्रार ऐकणारे स्वतंत्र ठिकाण मात्र महाराष्ट्रात नसावे, ही अवस्था सदोष आहे.

तामिळनाडूने 1998 साली व कर्नाटकाने 1999 साली निविदांसाठी कायदे करून त्यांत अपिलाची तरतूद केली. केंद्राचे सार्वजनिक खरेदी विधेयक 2012 साली लोकसभेत मांडले गेले आणि त्या लोकसभेबरोबरच 2014 साली लयास गेले. महाराष्ट्राची खरेदी मात्र मुख्यत्वे शासन निर्णयांवर चालते. आणि ज्या खात्याने निर्णय घेतला त्याच्याच दप्तरात त्याविरुद्धचा अर्ज पडून राहतो.

आमचे मागणे मोजके आहे. निविदा नाकारल्याची कारणे लेखी व जाहीर असावीत. निवड आणि करारावरील सही यांच्यामध्ये पंधरा दिवसांचा अवकाश सक्तीने ठेवावा. त्या अवधीत आलेली हरकत खात्याबाहेरील स्वतंत्र मंडळाने तीस दिवसांच्या आत निकालात काढावी. आणि केवळ प्रतिस्पर्ध्यास अडविण्यासाठी केलेल्या खोट्या हरकतीबद्दल अनामत जप्त व्हावी. यामुळे न्यायालयाचे दार बंद होणार नाही, परंतु तेथपर्यंत जाण्याची गरज पुष्कळ अंशी उरणार नाही.

विधिमंडळाने असा कायदा येत्या अधिवेशनातच हाती घ्यावा. निविदेचा वाद सोडविण्याची वेळ करारावर सही होण्यापूर्वीची असते. नंतर मिळालेला न्याय कागदावर राहतो आणि भुकेचे दिवस परत येत नाहीत.