वसुली फक्त गुरुजींकडूनच का?

आरोंद्यासारख्या खाडीकाठच्या गावात एखादे गुरुजी निवृत्त होतात. शाल, नारळ, भाषणे होतात. मग पेन्शनची फाईल ओरोसला जाते आणि उत्तरात कागद येतो: अमुक साली तुमची वेतननिश्चिती चुकली, जादा गेलेली रक्कम उपदानातून कापली जाईल.

मित्रहो, ती वेतननिश्चिती गुरुजींनी केली होती का? बारा वर्षांनंतरची वरिष्ठ वेतनश्रेणी कार्यालय मंजूर करते, हिशेब लेखा विभाग तपासतो, सेवापुस्तकात सही साहेबांची असते. चूक सापडली की खिसा मात्र गुरुजींचा. आणि आपल्या वस्तीतल्या पहिल्या पगारदार पिढीच्या खिशात असते तरी काय? घराचे कर्ज आणि मुलीच्या शिक्षणाची फी.

कायदा यावर गप्प नाही. पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या खटल्यात १८ डिसेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की वर्ग ३ व ४ च्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्तांकडून, वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून अशी वसुली करता येणार नाही. पाच वर्षांहून अधिक काळ जादा दिले असेल, तरीही नाही. केरळचे शिक्षक थॉमस डॅनियल १९९९ साली निवृत्त झाले. त्यांच्या बाजूचा निकाल लागला २ मे २०२२ ला! हक्क होता, पण तो मिळवायला तेवीस वर्षे गेली.

मग नोटिसा थांबत का नाहीत? हमीपत्रामुळे. 'जादा रक्कम निघाल्यास परत करीन' अशा छापील कागदावर सही घेतली जाते. न करणाऱ्याचा नवा पगार अडतो. पुढे २०१६ च्या जगदेव सिंग निकालाचा दाखला दिला जातो. पण जगदेव सिंग न्यायिक अधिकारी होते, वर्ग ३ चे शिक्षक नव्हते. हा फरक उत्तरात लिहायलाच हवा. आपले लोक तो लिहीत नाहीत, 'साहेब, हप्ते पाडून द्या' असा विनंतीअर्ज करतात.

पूर्वी रिटसाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले, सिंधुदुर्ग त्यातच आहे. उद्घाटन तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांनी केले. अभिमान आहेच, पण नुसत्या अभिमानाने रिट दाखल होत नाही.

कोणी म्हणेल, तुम्ही बोगस नेमणुकांची पाठराखण करता. अजिबात नाही. नागपूर विभागातले बनावट शालार्थ आयडीचे प्रकरण २०२५ मध्ये उघडकीस आले. तिथे वसुली व्हावीच, पण संस्थाचालक आणि मान्यता देणाऱ्याकडूनही. फसवणूक करणारा आणि दुसऱ्याच्या चुकीचा बळी, हे दोघे एका तराजूत तोलता येत नाहीत.

सरकारची माया कुठे उतू जाते तेही पाहा. जातीचा दावा अवैध ठरला तर त्यावर मिळवलेली नोकरी टिकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ६ जुलै २०१७ ला सांगितले. तरी राज्य सरकारने २१ डिसेंबर २०१९ च्या निर्णयाने अशा लोकांसाठी अधिसंख्य पदे निर्माण केली. आदिवासींची जागा अडवणाऱ्याला पगारासह आसरा, आणि प्रामाणिक गुरुजींच्या उपदानावर कात्री!

खाजगी शाळांच्या १९८१ च्या नियमावलीतला नियम ९ ही आणखी एक पळवाट. मागासवर्गीय उमेदवार मिळाला नाही तर राखीव जागा इतरांतून तात्पुरती, वर्षावर्षाने भरता येते. जाहिरात कुठल्या पेपरात, किती बारीक टाईपात दिली होती, हे कोण विचारतो? ती गेलेली वर्षे आमच्या पदवीधरांची होती. त्यांची वसुली कोणत्या लेखाधिकाऱ्याने काढली?

तेव्हा नोटीस आली तर आधी सेवापुस्तकाची नक्कल घ्या, कबुलीची सही करू नका, लेखी हरकत द्या. माहिती अधिकारात विचारा: चुकीची वेतननिश्चिती कोणाच्या सहीने झाली आणि त्या अधिकाऱ्याकडून किती रुपये वसूल केले? सोबत दुसरा अर्जही टाका, तालुक्यातल्या प्रत्येक अनुदानित शाळेच्या बिंदुनामावलीसाठी.

जय भीम!